कंदील बोलतोय

डोळ्यांत थेंब टाकून झाल्यावर नर्स म्हणाली, "आजोबा, आता अर्धा तास डोळे मिटून बसायचं. मध्येच किलकिले करून बघायचं नाही हं, मला बरोब्बर कळतं," आणि पुढच्या पेशंटकडे वळली. तो डोळे मिटून बसला. सांगितलेलं निमूट ऐकणारा माणूस, अशी त्याची घरात ख्याती होती. बायकोने तर मुलीच्या लग्नात चार लोकांत तसं सर्टिफिकेटही दिलं होतं. थेंब डोळ्यांतून घशात उतरले, जीभ कडू झाली. पापण्यांच्या आत आधी लाल, मग तपकिरी, मग रंग म्हणता येणार नाही असं काहीतरी पसरलं. बायको फाइल घेऊन खिडकीपाशी गेली होती, तिच्या पुढे दोन जण होते, म्हणजे यायला दहा मिनिटं तरी. तो उजवा कान खोलीकडे करून बसला होता. डावा नुसता शोभेला होता, चष्म्याची दांडी अडकवायला. पंख्याचं एक पातं घासत होतं. कुणीतरी पेपरची घडी मोडत होतं आणि ती मोडत नव्हती. रबरी चपला आल्या, गेल्या. आणि मग उजवीकडून, दोन हातांवरून, एक आवाज म्हणाला, "ये. सरळ ये. आता दोन पावलं डावीकडे. अजून एक. बाऽस. मागे खुर्ची आहे, बस."

त्याचं अंग डावीकडे कललं. त्याने ठरवून कलवलं नाही, ते आपलं आपण कललं, खांद्यापासून कमरेपर्यंत, आणि शेजारच्या माणसाच्या दंडावर जाऊन टेकलं. "सॉरी," तो म्हणाला. "असू दे, असू दे, डुलकी लागते," शेजारचा म्हणाला. त्याने खुर्चीचे दोन्ही हात गच्च धरले. छातीत काहीतरी असं उसळलं की पहिल्यांदा त्याला वाटलं, थेंबांचाच काही तरी उलटा परिणाम होतोय. आवाजात घाई नव्हती. एकेक शब्द काठोकाठ भरलेल्या पेल्यासारखा खाली ठेवलेला, न हिंदकळता. आणि शेवटचा तो लांबवलेला 'बाऽस', जसा त्याने शेहेचाळीस वर्षांत दुसऱ्या कुणाच्या तोंडून ऐकला नव्हता. हा आवाज त्याने तोंडावर रबरी मास्क, मानेपर्यंत घाम आणि चहूकडे पांढराफट्ट ढग असताना ऐकला होता. या आवाजाला चेहरा नव्हता. जमिनीखालच्या एका खोलीत, विमानतळापासून तासाभराच्या अंतरावर, रडारच्या पडद्यापुढे बसलेला तो कुणीतरी होता आणि रेडिओवर त्याचं नाव कंदील होतं. "कंदील बोलतोय," असं म्हणून तो सुरुवात करायचा. सगळी स्क्वाड्रन त्याला नुसतं कंदील म्हणायची. जिवंत परत आलेला प्रत्येक जण खाली उतरल्यावर म्हणायचा की युद्ध संपलं की कंदिलाला एकदा पोटभर जेवायला घालायचं. कुणीच घातलं नाही. जेवायला घालायचं राहिलं ते ठीक, तसं सगळ्यांचंच राहतं. त्याचं मात्र त्याहून पुष्कळ काही राहिलं होतं.

युद्ध सव्वीस दिवसांचं होतं आणि तो सव्वीस वर्षांचा. त्या वेळी त्याला हा फार मोठा योगायोग वाटला होता. स्क्वाड्रनमध्ये त्याला मास्तर म्हणत, कारण आल्याच्या दुसऱ्याच दिवशी त्याने नोटीस-बोर्डावर खुद्द कमांडरच्या सहीच्या कागदातली शुद्धलेखनाची चूक पेन्सिलीने सुधारली होती. मास्तरचा जोडीदार म्हणजे गवई. लढाऊ विमानं जोडीने उडतात; पुढचा शिकार करतो आणि मागचा पुढच्याची पाठ राखतो. गवई त्याची पाठ राखायचा आणि राखता राखता गुणगुणायचा. रेडिओचं बटण चुकून दाबलेलं राहायचं, मग सगळ्या आकाशाला ऐकू जायचं, आणि गवयाचा गळा म्हणजे, नाव थट्टेतच पडलं होतं, यात सगळं आलं. "गवई, कंदील बोलतोय," वरून, म्हणजे खालून, शांतपणे यायचं, "मैफल उतरल्यावर. आत्ता चार अंश उजवीकडे." सकाळी उजाडायच्या सुमाराला दोघे आपापल्या विमानात पट्टे आवळून बसायचे आणि भोंगा वाजायची वाट बघायचे. कधी दोन-दोन तास. केरोसीनचा वास, तापल्या रबराचा वास, ढुंगणाखाली दगडासारखी सीट. मेकॅनिक शिडीवर उभा राहून त्याच्या खांद्याचे पट्टे शेवटचे ओढायचा आणि हेल्मेटवर दोन चापट्या मारायचा, बैलाला मारावं तसा. पहिल्या आठवड्यात मास्तरने एक विमान पाडलं. ते कसं पाडलं हे त्याला नंतर कधीच नीट सांगता आलं नाही. समोर काहीतरी होतं, मग तिथे धूर होता. जेवताना सगळे त्याच्या पाठीवर थापा मारत होते आणि त्याचं लक्ष राहून राहून याकडे जात होतं की आपला चमचा वाजतोय ताटावर.

"झालं बाई एकदाचं," बायको आली आणि त्याच्या उजव्या हाताला बसली. चाळीस वर्षं ती उजवीकडेच बसत आली होती, नाटकाला, बसमध्ये, झोपताना. "त्यांना परत फाइलची झेरॉक्स हवी. मी म्हटलं, मागल्या वेळी दिली ती काय बाळगुटीत उगाळलीत? अहो, काय झालं? पांढरे पडलात."

"आपल्या उजवीकडे, पलीकडच्या रांगेत, एक जोडपं आहे का?"

"आहे की. तुम्हाला कसं कळलं? डोळे उघडलेत ना?"

"नाही. तो माणूस कसा दिसतो, सांग."

बायको जरा वाकली असावी. तिच्या बांगडीसारख्या घड्याळाचा आवाज झाला. "आपल्याच वयाचा. ठेंगणा. टक्कल. स्वेटरची बटणं एकाआड एक चुकलीत. तिला दिसत नाही वाटतं फारसं, ती सरळ समोर बघतेय आणि तो तिला पिशवीतून संत्र्याच्या फोडी देतोय. बिया काढून. का हो? ओळखीचे आहेत?"

ठेंगणा. त्याने मनात कंदील उंच धरला होता. उंच, किडकिडीत, लांब बोटांचा, सिगारेट ओढणारा. शेहेचाळीस वर्षं तो या उंच माणसाला घाबरत आला होता. कधी पुढच्या नोकरीत लिफ्टच्या यंत्रखोलीत, कधी दाढी करताना, कधी पोरीला गणितं शिकवताना हा उंच माणूस येऊन मागे उभा राहायचा आणि काही म्हणायचा नाही. आणि हा इथे टक्कल पडलेला, स्वेटरची बटणं चुकवणारा, बिया काढणारा. "ओळखीचे नाहीत," तो म्हणाला, आणि हे तसं पाहिलं तर खरं होतं.

सोळाव्या दिवशी ते घडलं. ढग होते, भरपूर, थरांचे. कंदिलाने दोघांना एका विमानावर सोडलं होतं, ते घाबरून खाली पळत होतं, झाडांच्या शेंड्यांना लागून. मास्तर त्याच्या मागे, गवई मास्तरच्या मागे. समोरच्या विमानातून आधीच पांढरा धूर निघत होता. अजून थोडं, अजून थोडं, आणि ते त्याच्या काचेवरच्या वर्तुळात येणार होतं. तेव्हा आवाज आला. "मास्तर, कंदील बोलतोय. सोड त्याला. वरून दोन जण येतायत, तुमच्या पाठीवर. सोड आणि डावीकडे वळ." त्याने ऐकलं. अगदी स्वच्छ ऐकलं, खरखर नाही, काही नाही, शेजारी बसून कुणी कानात सांगावं तसं. त्याने अंगठ्याने रेडिओचं बटण दोनदा दाबलं. बोलायला सवड नसली की असंच करायचे, टक टक, म्हणजे कळलं. आणि कळूनही तो वळला नाही. पाच सेकंद, त्याने स्वतःशी म्हटलं. तोंडाने एक, दोन मोजलेही. चौथ्याला समोरचं विमान वर्तुळात आलं, पाचव्याला त्याने तोफा डागल्या, सहाव्याला समोर आगीचा गोळा होता आणि सातव्याला मागून गवई म्हणाला, "मास्तर, मला...". एवढंच म्हणाला. त्याने मान वळवली तेव्हा गवयाचं विमान एका कुशीवर होऊन खाली चाललं होतं, अगदी सावकाश, एखादं माणूस झोपेत कूस बदलतं तसं. हवाई छत्री उघडली नाही. उघडायला उंचीच नव्हती. मास्तर ढगात घुसला. इंधन तळाला लागलं होतं, वर कुठे आणि खाली कुठे कळत नव्हतं, आणि चौदा मिनिटं तो आवाज त्याला ओढत होता. "मास्तर, कंदील बोलतोय. माझ्या आवाजावर राहा. पंख सरळ. दोन अंश डावीकडे. अजून एक. बाऽस." गवयाबद्दल एक अक्षर नाही. धावपट्टी दिसली तेव्हाही नाही. "उतर आता," कंदील म्हणाला, "मी इथेच आहे."

आणि त्यानंतर आठ दिवसांनी चौकशी. लांब टेबल, हिरवं कापड, तीन अधिकारी, पाण्याचा जग. एकेकाला आत बोलवत होते, त्यामुळे कंदील केव्हा आला केव्हा गेला त्याला कळलं नाही. मधले अधिकारी दमलेले होते. त्यांच्या मनगटाला पट्टी बांधलेली होती आणि ती ते सारखी चाचपत होते. "तुम्हाला वरून येणाऱ्या विमानांची सूचना वेळेवर मिळाली का?" त्यांनी विचारलं. खिडकीबाहेर कुणीतरी सायकलला हवा भरत होतं. मास्तर काय बोलणार हे मास्तरला ठाऊक नव्हतं. तोंड उघडलं आणि त्यातून निघालं, "नाही सर. रेडिओवर खरखर होती. आली ती फार उशिरा." अधिकाऱ्यांनी मान हलवली, लिहून घेतलं, आणि खरं म्हणजे त्यांनाही सुटल्यासारखं वाटलं असावं. पदकासाठी ज्याची शिफारस झालीय त्याच्याकडे दोष येऊन चालणार नव्हता. पदक मिळालं. ते आता शिलाईच्या डब्यात बटणांबरोबर असतं. महिन्याभराने कचेरीतल्या कारकुनाने जाता जाता सांगितलं की कंदिलाला रडारवरून काढलं, कुठल्या तरी दूरच्या डेपोत टाकलंय, ब्लँकेटं आणि बूट मोजायला. बढती कायमची बंद. मास्तरने त्याला पत्र लिहायला घेतलं. पहिलं वाक्य शुद्ध असूनही चुकल्यासारखं वाटत होतं. त्याने बारा वेळा तरी घेतलं असेल, वेगवेगळ्या वर्षी, वेगवेगळ्या घरांत.

दोन वर्षांनी त्याचा डावा कान खरोखरच गेला. उंचीवरून झपकन खाली येताना आत काहीतरी फुटलं आणि डॉक्टरांनी उडणं बंद केलं. लोकांनी हळहळ व्यक्त केली. त्याला एकट्याला वाटलं, ठीक आहे, ऐकू आलं नाही म्हणालो होतो ना, घे. मग तो लिफ्ट तपासणारा झाला. सरकारी परीक्षा, दोन वर्षांची उमेदवारी, आणि मग एकोणतीस वर्षं शहरभरच्या लिफ्टचे दोर, चाकं, ब्रेक आणि दारं. बायको नव्या ओळखीच्यांना सांगायची, "हे आधी चाळीस हजार फुटांवर असायचे. आता चौथ्या मजल्यावर असतात, पण दिवसातून शंभरदा." त्याला ते काम आवडलं, मनापासून. यंत्रखोलीत तेलाचा वास, ओळंब्यासारखा खाली गेलेला काळोख, आणि हातात तो पोलादी दोर, ज्याची एकेक तार तुटलीय का हे चिंध्या फिरवून बघायचं. तुटली असली की चिंधी अडकते. दारात उभ्या लोकांना तो दाद द्यायचा नाही. "साहेब, आज लग्न आहे वर, दोन दिवस चालवून घेऊ." "नाही." "म्हातारी माणसं आहेत, साहेब." "म्हणूनच नाही." त्याचा हा 'नाही' त्याच्या खात्यात प्रसिद्ध होता. त्याच्या कारकिर्दीत त्याच्या हद्दीत एक लिफ्ट पडली नाही. निवृत्तीच्या दिवशी हाताखालच्या पोरांनी त्याला भेट म्हणून खुर्ची दिली, पाळण्यासारखी झुलणारी, आणि म्हणाले, साहेब, हिची तपासणी करून घ्या आधी. त्याने खरंच केली. सगळे हसून लोळले. त्याला या पोरांचा फार लळा होता. आणि तरी घरी येताना बसमध्ये त्याला वाटलं होतं की यांतल्या एकालाही माहीत नाही हा माणूस कोण आहे. मुलीला माहीत नाही. आणि बायकोला, जिला त्याचं पोट बिघडलेलं त्याच्या आधी कळतं, तिलाही नाही. गवई नावाचा मित्र युद्धात गेला, एवढं तिला ठाऊक होतं. तो कधी बोलत नाही म्हणून तिने कधी विचारलं नाही, आणि हा तिचा समजूतदारपणा त्याला चाळीस वर्षं मऊ दोरीसारखा काचत होता.

"घे ना अजून एक," पलीकडे आवाज म्हणाला. "नको, आंबट आहेत," बाईचा आवाज. "आंबट असणारच. आणताना माझ्यावर सोडलंस ना." दोघं हसली. मास्तरला वाटलं, नर्स आता येईल, आपल्याला आत नेतील, बाहेर येऊ तोवर ही खुर्ची रिकामी झालेली असेल, आणि मग आपण घरी जाऊन भाजी निवडू. किती सोपं आहे. जिभेवर थेंबांची कडू चव होती. "कंदील," तो म्हणाला. घोगरं निघालं, नीट पोहोचलंही नसेल. "काय हो?" बायको म्हणाली. त्याने घसा खाकरला आणि आणखी मोठ्याने, खोलीतल्या सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं, "कंदील, मास्तर बोलतोय."

पेपर वाचणाऱ्याचा पेपर थांबला. पंख्याचं पातं तेवढं घासत राहिलं. मग खुर्ची सरकली, सावकाश पावलं आली, आणि त्याच्या समोर कुणीतरी गुडघ्यांवर हात टेकून वाकलं असावं, कारण संत्र्याचा वास आला.

"डोळे उघड," आवाज म्हणाला.

"थेंब घातलेत. नर्स ओरडेल."

"मग राहू दे." आणि थोड्या वेळाने, "आवाज फार जाड झाला रे तुझा. मी नसता ओळखला."

बायकोने उठून त्याला जागा दिली. कुणाला जागा द्यावी हे तिला न सांगता कळायचं. ती जाऊन त्या बाईंशेजारी बसली आणि दोघींचं काहीतरी सुरू झालं. कंदील त्याच्या उजव्या हाताला बसला. जवळून त्याच्या श्वासाला बारीक शिट्टी होती. मास्तरने ठरवलं होतं की आधी विचारपूस करायची, मुलंबाळं किती, राहतोस कुठे. पण त्याचं तोंड पुन्हा एकदा त्याच्या आधी उघडलं. "मला ऐकू आलं होतं," तो म्हणाला. "त्या दिवशी. खरखर नव्हती. तू सोड म्हणालास ते सगळं ऐकलं मी. पाच सेकंद घेतले. आणि मग तिथे खोटं बोललो."

"माहीत आहे मला."

"कसं?"

"दोनदा टक टक केलंस की. ते माझ्या कानात वाजलं. मी वहीत लिहिलंही, वेळेसकट."

मास्तरला वाटलं, आपण बसलोय ती खुर्ची कुणीतरी खालून काढून घेतली. "मग सांगितलं का नाहीस त्यांना? वही दाखवायची होतीस. तुझं सगळं आयुष्य..."

"हळू बोल. तुझी बायको बघतेय इकडे." कंदिलाने श्वास घेतला. "अकरा वर्षं तुझा राग केला मी. उगाच देवमाणूस समजू नकोस मला. डेपोत बूट मोजताना एकेक जोड तुझ्या नावाने आपटायचो. वही दाखवली असती, खरंच दाखवली असती. पण वहीत त्याच पानावर, तुझ्या टकटकीच्या वर, अजून एक ओळ होती." तो थांबला. "ते दोन ठिपके मला आधी दिसले होते, मास्तर. पडद्यावर. त्या दिवसांत पाखरांचे थवे पण तसेच दिसायचे, आणि आदल्या दिवशी मी पाखरांसाठी चार विमानं उडवली होती, मला सगळे हसले होते. म्हणून म्हटलं, फिरत्या रेषेचा अजून एक फेरा जाऊ दे, हलले तर सांगू. एक फेरा दहा सेकंदांचा. फेरा झाला, तेव्हा ते तुमच्या डोक्यावर होते. वही उघडली असती तर तुझे पाच सेकंद निघाले असते आणि माझे दहा. तेव्हा मी म्हटलं, त्यांनी मला उशीर झाला असं ठरवलंय, आणि झालाच होता उशीर. तू खोटं बोललास, पण निकाल काही चुकला नाही."

मास्तरच्या डोक्यात पंधरा हा आकडा नुसता फिरत होता. दहा आणि पाच. मग हळूहळू, नको असताना, दुसराच एक विचार आत शिरला. हा तोच आवाज होता. त्याच वजनाचा, तसाच न हिंदकळणारा. ढगात या आवाजाने त्याला एकदाही सांगितलं नव्हतं की गवई गेलाय, धावपट्टीवर पाऊस आहे, इंधन पुरणार नाही. यातलं सगळं कंदिलाला ठाऊक होतं, आणि तो म्हणत होता, दोन अंश डावीकडे. माणसाला खाली उतरवायचं असलं की हा काय वाटेल ते त्याच शांतपणे बोलू शकतो. आताही तसंच बोलतोय का? पाखरं खरी होती का? डोळे उघडे असते तरी काय दिसलं असतं, टक्कल आणि चुकलेली बटणं. "हे खरं सांगतोयस," त्याने विचारलं, "की मला उतरवतोयस?"

कंदील हसला नाही. "खरं सांगतोय," तो म्हणाला. मग म्हणाला, "पण तू मला ओळखतोस. मी काहीही म्हटलं तरी तुला तेच वाटणार. तर ते राहू दे. चाळीस वर्षांत हे मी फक्त तिला सांगितलंय. ती त्या डेपोतच टायपिस्ट होती. मी बूट आपटतो म्हणून तक्रार टाइप करायला आली आणि माझ्या बाजूने टाइप करून गेली. सगळं ऐकून घेतल्यावर म्हणाली, तुम्ही दोघं मिळून त्याला मारलंत असं तुला वाटतं, पण मारलं त्या वरून आलेल्यांनी. मला पटलं नाही. तुला पटतं?"

"नाही."

"तेच. पण ऐकायला बरं वाटतं. मी अधूनमधून तिला परत म्हणायला लावतो."

मास्तरच्या मिटल्या डोळ्यांतून पाणी आलं. थेंबांचं की त्याचं, हे त्यालाही सांगता आलं नसतं. कंदिलाने त्याच्या हातात काहीतरी कोंबलं. रुमाल असावा म्हणून त्याने तोंडाकडे नेला तर संत्र्याची फोड होती. त्याने खाल्ली. भलतीच आंबट होती. पलीकडून बायकोचा आवाज आला, "अहो, काय झालं? रडताय का हसताय?" आणि त्याने तिला हात करून बोलावलं. ती आली. त्या बाईंनाही बरोबर घेऊन आली, आपल्या दंडावर त्यांचा हात ठेवून, आणि त्या म्हणाल्या, "मला हात धरलेला आवडत नाही हो, पण तुमचा चालेल." दोघी समोर बसल्या. मास्तरने बायकोला सांगितलं. एका दमात, न थांबता, टेबलावरच्या हिरव्या कापडापासून पदकापर्यंत. शुद्धलेखन सुधारणाऱ्या माणसाने इतकी वेडीवाकडी वाक्यं आयुष्यात कधी बोलली नव्हती. तिचं घड्याळ वाजलं, आणि त्याच्या गुडघ्यावर तिचा तळवा आला, गरम, थोडा खरखरीत. तो तसाच राहिला. "चाळीस वर्षं," ती शेवटी म्हणाली, "चाळीस वर्षं एकट्याने वाहिलंत हे. मी काय नुसती उजवीकडे बसायला होते?" तिचा आवाज रागावलेला होता आणि तळवा तिथेच होता.

"एक विचारू?" कंदील म्हणाला. हा आवाज पहिल्यांदाच हिंदकळला. "गवई दिसायला कसा होता? मी त्याला कधी बघितलाच नाही. नुसता कानात असायचा. पुढे फोटो मागवावा म्हटलं तर धीर झाला नाही. उंच होता ना?"

"उंच?" मास्तर म्हणाला, आणि त्याला अचानक हसू फुटलं, पोटातून, आवरेना असं. "उंच कसला! बुटका. तुझ्याहून बुटका असेल. भरतीच्या वेळी उंची मोजताना टाचा उचलून पास झाला होता. कान असे बाहेर आलेले, हेल्मेट काढलं की लालभडक असायचे. केस कुरळे, पाणी लावून चापून बसवायचा, दहा मिनिटांत परत उभे. हसला की आधी नाक हसायचं. आणि सीटवर बसला की त्याला पुढचं काही दिसायचंच नाही, म्हणून ढुंगणाखाली घ्यायला उशी आणली होती घरून. नियमात बसत नव्हती. कमांडर तपासणीला आला की त्याचा मेकॅनिक ती शर्टाच्या आत घालून उभा राहायचा, पोट पुढे काढून. कमांडर एकदा म्हणाला, तुमची तब्येत सुधारलेली दिसते."

कंदील हसत होता. हसता हसता त्याच्या श्वासातली शिट्टी मोठी झाली, मग तो हसायचा थांबला आणि शिट्टी तशीच राहिली. "चार अंश उजवीकडे म्हणायचो मी त्याला," तो म्हणाला, "आणि तो उशीवर बसलेला." दारात नर्सने एक नंबर पुकारला. पुन्हा पुकारला. तो मास्तरचा होता, आणि बायको न वळता तिला म्हणाली, "थांबा जरा."

"त्या दिवशी होती का उशी?" कंदिलाने विचारलं.

"होती. मीच दिली वर, शिडीवर चढून. तो खाली विसरून चालला होता."

मग कंदिलाची बायको पुढे झुकली. तिची खुर्ची करकरली.

"रंग कोणता होता?" तिने विचारलं.

"पिवळा," तो म्हणाला. "पिवळा अभ्रा. त्याच्या आईने शिवलेला. त्यावर बारीक निळी फुलं होती."